साथ आधी, गायक नंतर

15 मार्च 1968 रोजी पार्लोफोन कंपनीनं ब्रिटनमध्ये बीटल्सची एक नवी सिंगल बाजारात आणली. क्रमांक आर 5675. सात इंची तबकडी, मिनिटाला 45 फेरे. पुढच्या बाजूला पॉल मॅकार्टनीनं गायलेलं ‘लेडी मॅडोना’ आणि मागच्या बाजूला जॉर्ज हॅरिसनचं ‘दी इनर लाइट’. बीटल्सच्या सिंगलवर हॅरिसनच्या रचनेला जागा मिळाली ती या तबकडीवर पहिल्यांदा. बँडचं नाव गाजायला लागून तेव्हा पाच वर्षं उलटली होती, आणि एवढ्या काळात प्रत्येक सिंगलच्या दोन्ही बाजू लेनन आणि मॅकार्टनी यांच्याकडेच राहिल्या होत्या.

मागच्या बाजूचं ते गाणं अडीच मिनिटांहून थोडं अधिक आहे. त्यात तीन बीटल्सचे आवाज आहेत, पण एकाही बीटलनं वाद्य वाजवलेलं नाही. गिटार नाही, ड्रम नाहीत, पियानो नाही. जे वाजतं ते सगळं मुंबईत, फोर्टमध्ये, फिरोजशहा मेहता रस्त्यावरच्या युनिव्हर्सल इन्शुरन्स बिल्डिंगमधल्या एचएमव्हीच्या स्टुडिओत वाजवलेलं आहे. सरोद आशिष खाँ यांची, बासरी हरिप्रसाद चौरसियांची, सनई हनुमान जाधवांची, पखवाज महापुरुष मिश्रांचा आणि पेटी रिजराम देसादांची. यांतलं एकही नाव त्या तबकडीवर नव्हतं. जगभर लाखोंनी विकल्या गेलेल्या सिंगलची एक अख्खी बाजू ज्यांनी वाजवली, त्यांच्याविषयी मला लिहायचं आहे.

मी पेटी वाजवते. शास्त्रीय मैफिलींना साथ करते, नाट्यसंगीताला करते, भजनाला करते. आमच्या घरी इंग्रजी गाण्यांचं वेड होतं ते माझ्या थोरल्या भावाला. बीटल्सची अल्बमबाहेर राहिलेली गाणी ‘पास्ट मास्टर्स’ या नावानं 1988 मध्ये एकत्र निघाली, तेव्हा त्यानं त्याची कॅसेट आणली होती. एका संध्याकाळी मला स्वयंपाकघरातून बोलावून तो म्हणाला, “ऐक, तुझी पेटी वाजतेय.” मी ऐकलं. सुरुवातीला दुडक्या चालीचा वाद्यांचा तुकडा, मग लय एकदम सैल होते आणि एक इंग्रज आवाज अगदी साधेपणानं गायला लागतो. त्याच्या भोवती बासरी आणि पेटी. ओळ संपली की पुन्हा वाद्यं पळायला लागतात आणि सरोद पुढे येते. शुद्ध गंधाराची प्रसन्न चाल, पट्टी साधारण काळी दोन. मी भावाला विचारलं, पेटी कोणाची? त्यानं कॅसेटचा कागद उलटसुलट करून पाहिला. कागदावर ते नव्हतं.

साथीदाराला हा प्रश्न आधी सुचतो, याला आमच्या संगीतातली एक जुनी रीत कारण आहे. मैफल सुरू होण्यापूर्वी निवेदक मुख्य कलाकाराबरोबर तबल्यावर कोण, संवादिनीवर कोण, मागे तानपुऱ्यावर कोण हेही सांगतो. आकाशवाणीवर गायन संपल्यावर साथसंगतीची नावं वाचली जातात. लहानपणी मला ती यादी गाण्याचाच शेवटचा भाग वाटायची. कित्येक तबलजी आणि पेटीवादकांची नावं महाराष्ट्रातल्या श्रोत्यांना पाठ झाली ती या निवेदनांमुळे.

तबकडी आली आणि ही रीत तिच्यात मावली नाही. 1902 मध्ये ग्रामोफोन कंपनीचे फ्रेड गायस्बर्ग कलकत्त्यात ध्वनिमुद्रणाला आले तेव्हा गौहर जान गाणं संपताना इंग्रजीत स्वतःचं नाव उच्चारत असत. मेणावर उमटलेलं ते गाणं जर्मनीतल्या हॅनोवरला जाऊन तबकडी होऊन परत येणार, आणि तिथल्या कारागिरांना कोणतं गाणं कोणाचं हे कळायला हवं, म्हणून ही सोय होती. नाव उच्चारायची संधी गाणाऱ्याला मिळाली. सारंगिये, तबलजी आणि पेटीवाले त्याच मेणावर उमटले, पण बहुतेक अनामिक राहिले.

पुढे मुंबईच्या चित्रपटसंगीतात हीच गोष्ट फार मोठ्या प्रमाणावर घडली. गोव्याच्या चर्चमधल्या शाळांत स्टाफ नोटेशन शिकून आलेले व्हायोलिन, ट्रम्पेट, सॅक्सोफोन वाजवणारे कलावंत स्टुडिओंत बसत. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस, हळदोण्याचे चिक चॉकलेट, शंकर-जयकिशनसाठी वाद्यमेळ बांधणारे सेबास्टियन डिसूझा. एकेका गाण्यामागे पन्नास-पन्नास माणसं असत, आणि पडद्यावर नाव येई संगीतकाराचं. मी स्वतः कॅसेटच्या काळात भक्तिगीतांच्या ध्वनिमुद्रणांना बसले आहे. कॅसेट आली की कागदावर गायिका, गीतकार, संगीतकार, ध्वनिमुद्रक आणि छायाचित्रकार असत. आम्ही सगळे मिळून ‘वाद्यवृंद’. तेव्हा तक्रार करायचं सुचलं नाही. पण वाजवलेलं आपलं असूनही ते आपलं म्हणून कुठेच लिहिलेलं नाही ही बोच काय असते, ते मला चांगलं ठाऊक आहे.

हॅरिसन या स्टुडिओपर्यंत कसा पोचला, ते पाहू. 1965 मध्ये त्यानं ‘नॉर्वेजियन वुड’ या गाण्यात सतार वाजवली, आणि तीही नीट न शिकता, कानाला गोड लागली म्हणून. 1966 च्या ‘रिव्हॉल्वर’ या अल्बममध्ये त्याचं ‘लव्ह यू टू’ आलं. त्यात तबला होता लंडनमधल्या अनिल भागवतांचा. अल्बमच्या वेष्टनावर भागवतांचं नाव छापलेलं आहे. त्या वर्षीच्या सप्टेंबरमध्ये हॅरिसन मुंबईला आला, ताजमहाल हॉटेलात उतरला आणि पंडित रविशंकरांकडे सतारीचे धडे घेऊ लागला. बैठक कशी हवी, बोटात मिजराब कशी घालायची इथपासून. रविशंकरांचे शिष्य शंभू दास त्याचा रियाज करून घेत. तो कोण आहे हे शहराला कळायला फार वेळ लागला नाही. गर्दी जमली, पत्रकार परिषद घ्यावी लागली आणि अखेर गुरुशिष्य काश्मीरकडे निघून गेले.

1967 च्या ‘सार्जंट पेपर्स’मध्ये त्याचं ‘विदिन यू विदाउट यू’ आलं. त्यासाठी लंडनच्या एशियन म्युझिक सर्कल या संस्थेतून वादक आले होते. दिलरुबा, तंबोरा, तबला, स्वरमंडळ वाजवणारी ही माणसं पोटासाठी दुसरी कामं करत आणि हौसेनं वाद्य सांभाळत. त्या अल्बमच्या गाजलेल्या वेष्टनावर साठ-सत्तर चेहऱ्यांची गर्दी आहे, पण या वादकांची नावं त्यावर आली नाहीत. ते कोण होते हे सर्वांसमोर यायला जवळजवळ पन्नास वर्षं जावी लागली.

‘दी इनर लाइट’चे शब्द आले एका प्राध्यापकाच्या पत्रातून. हुआन मास्कारो हे मायोर्का बेटावर जन्मलेले, केंब्रिजमध्ये संस्कृत शिकवणारे विद्वान. पेंग्विननं काढलेली भगवद्गीता आणि निवडक उपनिषदं यांची इंग्रजी भाषांतरं त्यांचीच. 1967 च्या शरद ऋतूत डेव्हिड फ्रॉस्टच्या दूरचित्रवाणी कार्यक्रमात लेनन आणि हॅरिसन ध्यानाविषयी बोलायला आले, तेव्हा मास्कारो तिथे होते. नंतर त्यांनी हॅरिसनला पत्र लिहिलं, सोबत ‘लॅम्प्स ऑफ फायर’ हा जगभरच्या धर्मवचनांचा आपला संग्रह पाठवला आणि लाओत्सेच्या ‘ताओ ते चिंग’मधल्या सत्तेचाळिसाव्या प्रकरणाला चाल लावून पाहावी असं सुचवलं. घराबाहेर न पडताही जग जाणता येतं, आणि माणूस जितका दूर भटकतो तितकं त्याला कमी कळतं, असा त्या वचनाचा आशय. हॅरिसननं मास्कारोंचे शब्द जवळजवळ तसेच घेतले. पहिल्या कडव्यात ‘मी’ होतं, तेच दुसऱ्या कडव्यात त्यानं ‘तुम्ही’ करून ऐकणाऱ्याकडे वळवलं. वारकऱ्यांच्या संगतीत वाढलेल्या मराठी माणसाला हा आशय नवा वाटणार नाही. देव शोधायला रानोमाळ हिंडू नका, हे आपण भजनात ऐकतच मोठे झालो.

मुंबईला पुन्हा येण्याचं कारण मात्र वेगळं होतं. जो मॅसॉट या दिग्दर्शकाच्या ‘वंडरवॉल’ या चित्रपटाचं संगीत हॅरिसनकडे होतं. चित्रपट पाहत, प्रत्येक प्रसंग किती सेकंदांचा हे घड्याळ लावून त्यानं टिपून घेतलं होतं. काही तुकडे लंडनला मुद्रित झाले. उरलेल्या भारतीय तुकड्यांसाठी तो जानेवारी 1968 मध्ये मुंबईला आला आणि 9 जानेवारीपासून एचएमव्हीच्या स्टुडिओत कामाला बसला.

त्या स्टुडिओविषयी हॅरिसननं नंतर जे सांगितलं, ते फोर्टात नोकरी केलेल्या कुणालाही लगेच पटेल. खाली कार्यालयं, वर स्टुडिओ आणि आवाज अडवायची धड सोय नाही. साडेपाचला कार्यालयं सुटली की जिन्यावरून धडाधड उतरणाऱ्या पावलांचा आवाज आत येई, म्हणून ध्वनिमुद्रण थांबवावं लागे. रस्त्यावरच्या टॅक्सींचे आवाज काही तुकड्यांत राहूनच गेले. चर्चगेट किंवा व्हीटी गाठायच्या घाईतल्या त्या कारकुनांना, टायपिस्टांना आपल्या पावलांमुळे आत कोणाचं काम थांबलंय याची कल्पनाही नसेल.

स्टुडिओत एकच जुनं मोनो यंत्र होतं. ग्रामोफोन कंपनी ऑफ इंडियाचे भास्कर मेनन यांनी कलकत्त्याहून दोन ट्रॅकचं यंत्र मागवून दिलं. हेच मेनन पुढे अमेरिकेत कॅपिटल रेकॉर्ड्सचे प्रमुख झाले. दोन ट्रॅकवर काम करायचं तर एक वाद्य आज, दुसरं उद्या असं करून चालत नाही. सगळ्यांनी एकत्र बसून, एकमेकांचं ऐकत, एका दमात वाजवावं लागतं. एकानं चूक केली की सगळ्यांना पुन्हा पहिल्यापासून. मुंबईच्या वादकांना मात्र याच शिस्तीची सवय होती. चित्रपटाचं गाणं तेव्हा असंच, गायकासकट एकत्र, टेकमागून टेक देत मुद्रित होई. चाल कुणीतरी गुणगुणून दाखवायची, वादकानं ती देवनागरीत सरगमात टिपून घ्यायची किंवा नुसती कानात ठेवायची, दोन तालमी झाल्या की टेक.

शंभू दासांसारख्या माणसांच्या ओळखीतून जमलेला हा ताफा साधा नव्हता. आशिष खाँ हे मैहरच्या बाबा अल्लाउद्दीन खाँसाहेबांचे नातू, अली अकबर खाँचे चिरंजीव. महापुरुष मिश्र अली अकबरांबरोबर जगभर तबला वाजवून आलेले. या गाण्यात त्यांच्यापुढे पखवाज होता. हरिप्रसाद चौरसिया कटकच्या आकाशवाणीतून मुंबईला बदलून आलेले तिशीचे तरुण, चित्रपटांच्या ध्वनिमुद्रणांना नेहमी बोलावले जाणारे. ‘वंडरवॉल’च्या तुकड्यांत संतूर होतं शिवकुमार शर्मांचं. आदल्याच वर्षी, 1967 मध्ये, याच कंपनीसाठी शिवकुमार, हरिप्रसाद आणि गिटारवादक ब्रिजभूषण काब्रा यांनी ‘कॉल ऑफ द व्हॅली’ ही ध्वनिमुद्रिका केली होती. तिचे निर्माते होते जी. एन. जोशी. ना. घ. देशपांडे यांची ‘शीळ’ गाऊन मराठी भावगीताला वाट करून देणारे तेच जोशी, आणि नंतर कित्येक वर्षं एचएमव्हीत ध्वनिमुद्रणाचं काम पाहणारेही तेच. हॅरिसनला मुंबईत जो दर्जा सहज मिळाला, त्यामागे अशा माणसांनी वर्षानुवर्षं घडवलेली ही व्यवस्था होती.

रिजराम देसाद एक वाद्य धरून बसणारे नव्हते. पेटी, तबलातरंग, पखवाज, ढोलकी, नगारा, हुडुक, डफ, जे पुढ्यात येईल ते वाजवणारा हा माणूस. प्रत्येक स्टुडिओला असा एक तरी माणूस लागतोच. आणि सनई वाजवणाऱ्या हनुमानांचं आडनाव ‘वंडरवॉल’च्या वेष्टनावर इंग्रजीत ‘जदेव’ असं छापलं गेलं. मराठी डोळ्याला ते जाधवच दिसतं, म्हणून मी जाधव लिहिते.

चित्रपटाचं काम आटोपत आलं तेव्हा वेळ उरला होता. हॅरिसननं त्याच वादकांकडून आणखी काही तुकडे करून घेतले. त्यांपैकी एक म्हणजे ‘दी इनर लाइट’ची नुसती वाद्यं. गायन नाही. ते लंडनला जाऊन करायचं होतं.

पेटीवाली म्हणून मला इथेच थांबावंसं वाटतं. साथीचा आमचा धर्म असा की गायक पुढे आणि आम्ही किंचित मागे. गायकाचा आवाज ज्या वळणानं जाईल त्या वळणावर आमची बोटं क्षणभर उशिरा पोचतात. तो कुठे थांबणार, कुठे श्वास घेणार हे त्याच्या मानेकडे, हाताकडे पाहून ओळखायचं. इथे गायकाच्या जागी रिकामी जागा होती. ओळ कुठे सुरू होणार, किती लांबणार, कुठे संपणार हे मनात धरून या पाच जणांनी तिच्याभोवती साथ बांधली. गाण्याच्या भागात लय खाली आणायची, ओळ संपताच पुन्हा उचलायची, आणि हे सगळं न गायलेल्या गाण्यासाठी. हे फार अवघड काम आहे. लयीचा चढ-उतार करताना जो सैलपणा येतो तो इथे औषधालाही नाही. आणि मधल्या रिकाम्या जागा इतक्या मापात सोडल्या आहेत की पुढे आलेला आवाज कुठेही दाटीवाटीनं बसलेला वाटत नाही.

म्हणजे या गाण्यात साथ आधी झाली आणि गायक नंतर आला. फेब्रुवारीत लंडनच्या ॲबी रोडवर ईएमआय स्टुडिओत मुंबईची टेप चार ट्रॅकच्या यंत्रावर घेतली गेली. 6 फेब्रुवारीला हॅरिसन गायला उभा राहिला आणि कचरला. आपल्याला हे झेपणार नाही, गाण्याला न्याय देता येणार नाही, असं त्याला वाटत होतं. तिथे असलेल्या तंत्रज्ञाच्या आठवणीप्रमाणे मॅकार्टनीनं त्याला धीर दिला. तो गायला, आणि सुंदर गायला. आवाज न फुगवता, मुरक्या न घेता, कुठेही भारतीय गायकीची नक्कल न करता. त्याला वाद्यांच्या मागे जावं लागलं आणि तो विनम्रपणे गेला. त्या आवाजातली शालीनता या मागे जाण्यातून आली आहे, असं माझं ठाम मत आहे. 8 फेब्रुवारीला लेनन आणि मॅकार्टनी यांनी शेवटच्या ओळीला आवाजांची जोड दिली आणि गाणं पुरं झालं.

त्याच 6 फेब्रुवारीला, त्याच स्टुडिओत ‘लेडी मॅडोना’लाही शेवटचा हात फिरवला जात होता. त्यासाठी चार सॅक्सोफोनवादक आयत्या वेळी बोलावले गेले. रॉनी स्कॉट, हॅरी क्लाइन, बिल पोवी आणि बिल जॅकमन. रॉनी स्कॉट म्हणजे लंडनमध्ये स्वतःचा प्रसिद्ध जॅझ क्लब चालवणारा दिग्गज. त्यांच्यापुढे लिहिलेलं संगीत नव्हतं. काय हवं ते त्यांना तोंडी सांगितलं, गाऊन दाखवलं गेलं आणि त्यांनी तिथल्या तिथे वाजवलं. गाण्याच्या मधोमध जो सोलो येतो तो स्कॉटचा. त्यांचीही नावं तबकडीवर नव्हती. एका बाजूला फोर्टातले पाच, दुसऱ्या बाजूला लंडनचे चार, आणि दोघांची गत एकच. म्हणून यात केवळ गोऱ्यांनी काळ्यांवर अन्याय केला असं म्हणून मला थांबता येत नाही. सिंगल या वस्तूची घडणच तशी होती. मधल्या गोल कागदावर जागा होती गाण्याच्या नावाला, रचनाकाराला, बँडला आणि कंपनीला. वेष्टन म्हणजे मधे भोक असलेलं कंपनीचं साधं पाकीट. त्याच वर्षी 1 नोव्हेंबरला ‘वंडरवॉल म्युझिक’ हा मोठा अल्बम निघाला, ॲपल या बीटल्सच्या स्वतःच्या कंपनीचा पहिला अल्बम. त्याच्या वेष्टनाला पाठ होती, आणि तिथे मुंबईच्या वादकांची नावं छापली गेली. जागा होती तिथे हॅरिसननं नावं दिली. त्याचं श्रेय त्याला द्यायलाच हवं.

सिंगल निघाली तेव्हा हॅरिसन, लेनन आणि मॅकार्टनी देशाबाहेर होते. फेब्रुवारीतच ते महर्षी महेश योगींच्या आश्रमात हृषीकेशला गेले होते. आपण बाहेर असताना बाजारात काहीतरी असावं म्हणूनच ही तबकडी आधी तयार करून ठेवली होती. खरं तर त्याच दिवसांत लेननचं ‘ॲक्रॉस द युनिव्हर्स’ही मुद्रित झालं होतं, पण झालं त्यावर त्याचं समाधान नव्हतं, ते मागे राहिलं. ‘लेडी मॅडोना’ ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेली आणि दोन आठवडे तिथे राहिली. अमेरिकेत बिलबोर्डच्या यादीत ती चौथ्या क्रमांकापर्यंत चढली. तिथे दोन्ही बाजूंची स्वतंत्र मोजदाद होई, आणि मागच्या बाजूचं ‘दी इनर लाइट’ 96 व्या क्रमांकावर एक आठवडा दिसून गेलं. शहाण्णव हा आकडा लहान वाटेल. पण सनई, सरोद आणि पखवाज अमेरिकेच्या पहिल्या शंभर गाण्यांत येणं ही तेव्हा साधी गोष्ट नव्हती.

त्या वेळच्या लोकांना हे गाणं कसं वाटलं, याचा अंदाज मॅकार्टनीच्या बोलण्यावरून येतो. त्यानं वार्ताहरांना सांगितलं होतं की भारतीय वाद्यं क्षणभर बाजूला ठेवा आणि नुसती चाल ऐका, किती सुंदर आहे ती. त्याचा हेतू चांगलाच होता; मित्राचं गाणं लोकांनी नाकारू नये असं त्याला वाटत होतं. पण वाद्यं बाजूला ठेवून ऐका असं सांगावं लागत होतं, याचा अर्थ श्रोते वाद्यांपाशी अडत होते. बीटल्सचे चाहते ‘लेडी मॅडोना’च्या पियानोवर नाचत होते, आणि तबकडी उलटली की त्यांच्या कानांना ओळखीचं काही सापडत नव्हतं. मला मात्र वाद्यं बाजूला ठेवून ते गाणं ऐकणं जमत नाही. वाद्यं काढली तर त्या चालीला चालायला जमीनच राहत नाही.

बीटल्ससाठी हॅरिसनचं अशा घडणीचं हे शेवटचंच गाणं. त्याच वर्षी त्याला उमगलं की सतारीत खरोखर पुढे जायचं तर आयुष्य तिलाच द्यावं लागेल, आणि तो गिटारकडे परतला. ‘दी इनर लाइट’ कोणत्याही मूळ अल्बमवर नसल्यानं सिंगलच्या मागच्या बाजूलाच राहिलं. रेडिओवर पुढची बाजू वाजायची. वीस वर्षांनी ‘पास्ट मास्टर्स’ आलं, म्हणून ते आमच्या घरात शिरलं.

वादकांची गोष्ट तिथे संपली नाही. 1974 मध्ये हॅरिसननं रविशंकरांचा भारतीय वाद्यवृंद युरोपला नेला. त्यात हरिप्रसाद होते, शिवकुमार होते आणि रिजराम देसादही होते. 23 सप्टेंबरला लंडनच्या रॉयल अल्बर्ट हॉलमध्ये कार्यक्रम झाला, आणि त्याच वर्षअखेर हॅरिसनच्या अमेरिका दौऱ्यातही हे कलावंत बरोबर होते. या वाद्यवृंदाची ध्वनिमुद्रिका निघाली तिच्यावर प्रत्येकाचं नाव आणि प्रत्येकाचं वाद्य लिहिलेलं आहे. त्याच सभागृहात 29 नोव्हेंबर 2002 ला, हॅरिसनच्या पहिल्या पुण्यतिथीला, जेफ लिन आणि अनुष्का शंकर यांनी ‘दी इनर लाइट’ सादर केलं. 2018 मध्ये ‘व्हाइट अल्बम’च्या पन्नाशीनिमित्त काढलेल्या मोठ्या संचात गाण्याची नुसती वाद्यं प्रसिद्ध झाली. हॅरिसनचा आवाज नसलेलं ते गाणं मी ऐकलं, तेव्हा फोर्टात त्या दिवशी काय वाजलं असेल ते मला पहिल्यांदा पुरतं कळलं. रिकामी जागा स्पष्ट ऐकू येते. आणि तिच्याशिवायही ते एक पूर्ण, समाधानी संगीत आहे.

ही नावं संशोधकांनी एकेक करून शोधली, पुस्तकांत नोंदवली, आणि आज ती कुणालाही मिळू शकतात. तरी हे गाणं लावताना ‘जॉर्ज हॅरिसनचं भारतीय गाणं’ एवढंच सांगितलं जातं. आपल्याकडच्या कार्यक्रमांतही तेच ऐकलं आहे. मुंबईत झालेलं ध्वनिमुद्रण, मुंबईत राहणारे-वाजवणारे कलावंत, आणि आपण लंडनच्या लेबलवर जे छापलं तेवढंच वाचून दाखवतो, हे मला सलतं. साथसंगतीची नावं घेण्याची रीत आपली आहे. ती परदेशी तबकडीसाठी सोडून द्यायचं काही कारण नाही.

गाणं कोणाचं, या प्रश्नाचं उत्तर हॅरिसनचं असंच राहील आणि तसंच राहावं. चाल त्याची, गळा त्याचा, मास्कारोंच्या पत्राकडे लक्ष देण्याचं शहाणपणही त्याचंच. ते वाजवलं कोणी, हा दुसरा प्रश्नही तितकाच सरळ आहे, आणि त्याचं उत्तर आता आपल्या हातात आहे. सरोदीवर आशिष खाँ, बासरीवर हरिप्रसाद चौरसिया, सनईवर हनुमान जाधव, पखवाजावर महापुरुष मिश्र आणि संवादिनीवर रिजराम देसाद. निवेदकाला हे म्हणायला अर्धं मिनिटही लागत नाही. ज्या शहरात हे वाजलं, त्या शहरात तरी ते म्हटलं गेलंच पाहिजे.